ताईचा संघर्ष

माझ्या मामेबहिणीइतकं खरं, आणि तेही इतक्या मोठ्या आवाजात बोलणारं माणूस अख्ख्या वऱ्हाडात दुसरं नसेल. असलंच, तर दोघांना एका तालुक्यात ठेवू नये. बार्शीटाकळीहून ती मला अकोल्याला फोन करते तेव्हा मध्ये फोन कशाला हवा, असं माझी बायको नेहमी विचारते. आज ताई टीव्हीवर झळकलेली गायिका आहे, पण मामांच्या वांग्याच्या वाफ्यात उभं राहून माकडं हाकलणं हाच तिचा पहिला रियाज. बाकीचे गवैये गाण्याआधी ज्येष्ठमध चघळतात. ही हिरवी मिरची देठासकट चावते, डोळे पुसते आणि स्टेजवर चढते. वलगावला एका हळदीत लाइट गेली, माइक बंद पडला, तरी ही दीड तास तशीच गात राहिली. लाइट आली तेव्हा नवरीचा बाप हात जोडून म्हणाला, "ताई, माइक बंदच राहू द्या आता, लेकरं झोपले हायेत."

तिचं नाव झालं ते मात्र माझ्या जिवावर. मला नुकतीच नोकरी लागली होती, लग्न ठरलं होतं, मी जरा रुबाबात होतो. माझ्याच हळदीत बाईसाहेबांनी उभ्या उभ्या गाणं रचलं, "साहेब झाला भाऊ माझा, म्हशीले भेते गं!" अमरावतीच्या एका स्टुडिओवाल्यानं त्यावर डीजेचा ठोका चढवला, व्हिडिओत माझा फोटो घातला, आणि त्या हंगामात एक वरात म्हणून या गाण्याशिवाय निघाली नाही. बडनेऱ्याला तिकीट तपासनिसानं तिकीट सोडून माझं तोंड तपासलं. "म्हैसवाले भाऊ ना तुमी?" मी ताईवर जाम उखडलो, तर ती म्हणते, "खोटं हाये काय? भेत नाही काय तू?" कप्पाळ!

त्याच गाण्यानं तिला मुंबईच्या गाण्याच्या स्पर्धेत नेलं. चार फेऱ्या झाल्यावर टीव्हीवाले तिला घेऊन घरचं शूटिंग करायला आले. मामांनी घराला रंग काढला, शेजाऱ्यांचा सोफा उचलून आणला, मामी लग्नातला शालू नेसली. टीव्हीचे साहेब ते पाहून हिरमुसलेच. म्हणाले, "काका, काही संघर्ष नाही का?"

"हाये ना," मामा म्हणाले, "डुकरं येतात वावरात."

"घर गळतं का?"

"कायले गळंल? औंदाच स्लॅब टाकला."

शेवटी त्यांना गोठा सापडला. तिथं चूल मांडून त्यांनी ताईला फुंकायला बसवलं. म्हैससुद्धा चकित होऊन बघत होती. निघताना मामांनी ताईला बाजूला घेतलं. "एक ध्यानात ठेव. टीव्हीवर रडजो नको. लोक म्हणतीन, बापानं उपाशी ठेवलं."

आणि आठवडाभर टीव्हीवर जाहिरात काय, तर तो गोठा, ती चूल, मागं रडकी बासरी आणि खाली अक्षरं: 'उपाशी पोटी गाणारी पोर'. मामा भाजी घेऊन अकोल्याच्या बाजारात गेले, तर एकानं विचारलंच, "काय हो, पोरीले जेवाले देत नव्हते काय?" ज्या माणसानं मांडीवर घेऊन तिला घास भरवले, त्याला हे ऐकावं लागलं. दुसऱ्या दिवसापासून मामांनी बाजार सोडला. माझं तर डोकंच फिरलं. ताईला फोन लावला, आणि जन्मात पहिल्यांदा तिचा आवाज मला कानाला फोन दाबून ऐकावा लागला.

"भाऊ, ते म्हणतात, रडली तं मतं भेटतात. नाही तं घरी जा. मले एवढ्यात घरी नाही यायचं रे."

मला तिचा राग आला नाही. गलबलून आलं, बस.

पुढची फेरी थेट दाखवणार होते. सारी गल्ली मामांच्या घरात, मीही अकोल्याहून आलेलो. सूत्रसंचालकानं ताईच्या खांद्यावर हात ठेवला, बासरी सुरू झाली. "किती रात्री उपाशी झोपलीस?" मामांनी माझं मनगट घट्ट धरलं.

"उपाशी?" ताईचा आवाज घुमला, तिचा तो नेहमीचा. "कायले? घरी इतके वांगे का मले वांग्याचा वीट आला होता! माझ्या बापानं पयले मले जेवू घातलं, मंग वाफ्याले पाणी सोडलं. आन् तो गोठा आमचा नाही सायेब, म्हशीचा हाये!"

बासरी थांबली. गल्लीनं हुश्श केलं. मामांनी माझं मनगट सोडलं, पण वळ दोन दिवस राहिले. दुसऱ्या दिवशी मामा बाजारात गेले, आणि म्हणे दोनदा चहा प्यायले.

मतं पडली नाहीत. ताई स्पर्धेतून बाहेर पडली. मुंबईहून पुन्हा बोलावणंही आलं नाही. हळदीच्या सुपाऱ्या तिला आजही भरपूर आहेत, पण तो कार्यक्रम लागला की ती भिंतीला टेकून बघत बसते, आणि तेवढा वेळ घरात तिचा आवाज नसतो. तेव्हा मला हटकून ती परत आली तो दिवस आठवतो. अकोला स्टेशनवर मामा आपल्या वावरातल्या झेंडूचा हार घेऊन उभे होते. ताई उतरली, तरी हार घालायचं त्यांना सुचेना.

"रडली तं नाही ना?" त्यांनी विचारलं.

"नाही, बाबा."

"बरं केलं," म्हणाले, हार माझ्या हातात कोंबला आणि पाठ फिरवून त्यांनी खांद्यावरच्या दुपट्ट्यात तोंड खुपसलं. ताईनं बॅग खाली ठेवली आणि सगळ्या फलाटाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "बाबा, आता क्यामेरा नाही. रडून घ्या."

मग दोघंही रडली. हार माझ्या हातात होता, त्यामुळे मला डोळे पुसता आले नाहीत.