आम्ही पाहणारे

गॅलरीचं ग्रिल रंगवायला आलेल्या माणसाने टर्पेंटाइनची बाटली उघडली आणि मला नव्वदच्या दशकातली नेरूळची ती वन-रूम-किचन आठवली. आम्ही सातजण तिथे जमायचो. आठवडाभर बँकेत नाहीतर तळोज्याच्या कंपनीत, रविवारी चित्रकार. स्वतःला ‘पाहणारे’ म्हणवायचो. आमचं तत्त्वज्ञान एवढंच, की कुणीतरी पाहतंय म्हणून वस्तू असते. नजर हटली की ती मरायला लागते. खाडीकाठचं मिठागर बुजवून तिथे इमारती येणार असं कळलं, तेव्हा आम्ही पाळ्या लावल्या. रोज एकाने रजा टाकून दिवसभर बांधावर बसायचं आणि नुसतं मिठागराकडे बघत राहायचं. माझ्या पाळीला मिठावरच्या उन्हाने डोळे इतके चुरचुरले, की मी टपरीवर जाऊन तोंडावर पाणी मारलं, वर चहाही घेतला. परत आलो तर पहिला डंपर माती ओतून वळत होता. संध्याकाळी सगळे जमले. शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी ढिगाकडे पाहिलं, एकमेकांकडे पाहिलं, माझ्याकडे कुणीच पाहिलं नाही. आमच्यात याहून मोठी शिक्षा नव्हती. तिथे उभ्या उभ्या मी नाहीसा होत चाललो होतो. तेवढ्यात त्या मिठागरात जन्मभर राबलेली म्हातारी हातातलं घमेलं खाली ठेवून माझ्यासमोर आली आणि माझ्या तोंडाकडे बघत म्हणाली, “डोलं किती लाल झालं रं तुजं! पानी हाय, पी.” आता तिथे सोसायट्या आहेत. ते सहाजण पुन्हा कधी भेटले नाहीत. मी अजून आहे, तो बहुधा तिने पाहिलं म्हणून.