गार्डाच्या हातातली पुरचुंडी

अण्णामामा गेल्याची बातमी त्यांच्याच कन्नड साप्ताहिकात आली. ज्या पानावर त्यांचं सिनेपरीक्षण यायचं, त्याच पानावर, चौकटीत. ‘कठोर चित्रसमीक्षक कालवश.’ मी ती आईला वाचून दाखवली. आई म्हणजे अण्णामामांची धाकटी बहीण. ती डोळे पुसत होती, पण ‘कठोर’ ऐकल्यावर तिनं पदर खाली घेतला. “कठोर? आमचा अण्णा? कुणी लिहिलं गं हे?” त्याला आता महिना होऊन गेला... पण तो शब्द काही डोक्यातून जात नाही.

कारण तो खोटा नव्हता. पन्नास सालानंतरच्या त्या बंगळुरात शुक्रवारी नवं चित्र लागलं, की केंपेगौडा रस्त्यावरचे थिएटरांचे मॅनेजर अण्णामामांना पाहून हात जोडायचे, ते प्रेमानं नव्हे, धास्तीनं. छत्री काखोटीला मारून हे पहिल्या खेळाला जायचे आणि असं लिहायचे, की निर्मात्यानं तोंड लपवावं. ‘नायक रडू लागला आणि प्रेक्षक चपला शोधू लागले,’ असं त्यांचं एक वाक्य कॉलेजात आमच्या तोंडी होतं. पाहिल्याशिवाय एक ओळ लिहायची नाही आणि पाहिलं त्यात पदरचं काही घालायचं नाही, हा त्यांचा बाणा. त्यापायी चार चांगले मित्र तुटले, पण हे बधले नाहीत.

तेच अण्णामामा शनिवारी दुपारी आमच्या चामराजपेटेतल्या घरी स्वयंपाकघराच्या दाराशी स्टूल टाकून बसायचे आणि आईला तोच सिनेमा सांगायचे. आई लहान वयात विधवा होऊन मला घेऊन भावाकडे आलेली. विधवेनं थिएटरची पायरी चढायची नाही, हे आई-मामांच्या थोरल्या काकूंचं, घरातल्या कर्त्या बाईचं, फर्मान, आणि त्यांच्यापुढे बंगळूरच्या या वाघाचंही काही चालायचं नाही. म्हणून हा उद्योग. थंडीच्या दिवसांत आई भिजवलेली अवरेकाई, म्हणजे आपले पावटे, चिमटीत दाबून सोलत असायची. गोष्टीत रंग भरला की तिची बोटं थांबायची. “सरी, बरं, मग?” ती विचारायची, आणि मामांना आणखी चेव यायचा. मला मात्र कोडं पडायचं. पुढच्या शुक्रवारी ज्याच्या चिंध्या होणार, तेच चित्र आमच्या स्वयंपाकघरात इतकं सुरेख कसं?

काकू गेल्या, फर्मानही गेलं. मग एकदा एक जुनं चित्र पुन्हा लागलं. आईचं सगळ्यांत लाडकं, अर्थात नुसतं ऐकलेलं. त्यात बापाला स्टेशनावर पोचायला उशीर होतो, सासरी निघालेल्या मुलीची गाडी हलते, तेव्हा तो धावत जाऊन फराळाची पुरचुंडी शेवटच्या डब्यात उभ्या असलेल्या गार्डाच्या हातात देतो... अण्णामामांनी हे सांगितलं त्या दिवशी आई ढसाढसा रडली होती. आम्ही दोघी गेलो. पडद्यावर गाडी आली, बापानं हात हलवला, गाडी गेली. आई पुढे वाकून पडद्यावर शोधत राहिली. मग माझ्या कानाशी लागली, “गार्ड कुठाय गं?”

घरी आल्या आल्या ती भावापुढे जाऊन उभी राहिली. “अण्णा, तो गार्ड कापून टाकला की रे त्यांनी!”

“सेन्सॉरनं कापला असेल,” अण्णामामा म्हणाले. तोंडापुढचा पेपर काही खाली आला नाही. आई हसत सुटली. त्यानंतर तिला हवं ते चित्र बघायची मुभा होती, तरी शनिवारचं स्टूल हललं नाही. थिएटरापेक्षा अण्णाचं चित्र बरं असतं, असं ती म्हणायची.

मग काचबिंदूनं मामांची दृष्टी गेली. संपादक सदर चालू ठेवा म्हणाले, तर उसळले. “न बघता लिहू? न जेवता ढेकर देऊ?” सदर बंद झालं आणि त्यांचं बोलणंही. जेवणात लक्ष लागेना. आम्ही दोघी घाबरलो. शेवटी आईच म्हणाली, “स्वल्प थांब. मी बघून येते, तुला सांगते. माझे डोळे काय परक्याचे आहेत?”

असं ते सुरू झालं. आईबरोबर मी जायची. शनिवारी मामा आरामखुर्चीत, आई स्टुलावर, आणि मामा सांगतील ते मी सदरासाठी लिहून घ्यायची. पहिले काही आठवडे आई जे पाहिलं तेच सांगत असे, आणि मामा पूर्वीसारखेच फाडत. मग एक चित्र आलं. रिटायर झालेला मास्तर गाव सोडून जातो, एवढंच त्यात. पण आईनं सांगितलं, की मास्तर वेशीपासून परत फिरतो, शाळेचं उघडं राहिलेलं दार ओढून घेतो आणि कडी लावता लावता थांबून आत बघतो... मामा हलले नाहीत. आई कॉफी आणायला उठली तसे म्हणाले, “लिही.” आणि त्या दाराची इतकी स्तुती करू लागले, की माझा हातच थांबला.

“अण्णामामा, ते दार...”

“त्यात नाहीये. ठाऊक आहे मला,” ते हळूच म्हणाले. “इतकं बरं आपल्या सिनेमात कधी असतं? तू लिही.”

जन्मभर सांभाळलेला बाणा त्यांनी त्या दुपारी बहिणीसाठी सोडला, आणि चेहऱ्यावर कसली खंत म्हणून नव्हती. मला त्यांच्याबद्दल इतकं प्रेम कधीच वाटलं नव्हतं. ते त्यांचं शेवटचं परीक्षण. ‘कठोर’ लिहिणाऱ्यानं बहुधा ते वाचलं नसावं.

परवा शनिवारी आई एकटीच सिनेमाला जाऊन आली. पावट्यांचं पातेलं घेऊन सवयीनं त्या आरामखुर्चीसमोर बसली. मी दाराशी जाऊन उभी राहिले. वाटलं, आता सांगेल.

“कसा होता गं?” मी विचारलं.

“भिकार,” ती म्हणाली, आणि सोलत राहिली. मी बराच वेळ तिथं उभी होते. तिची बोटं एकदाही थांबली नाहीत.