छतावरून परतणारा सूर

“अरे थांब! थांब रे गाढवा! सूर अजून वरच आहे, त्याला खाली तर येऊ दे!”

मास्तरांच्या त्या ओरडण्यानं अंधेरीच्या जुन्या दगडी चर्चमधली कबुतरं थेट वाकोल्यापर्यंत उडाली असतील. मी पडलो भजनी मंडळातला गडी. बुवांची ओळ संपायच्या आत ती झेलायची, हीच सवय. चाळीत रंगीत टीव्ही नुकता आला होता, तेव्हाची गोष्ट. नाताळसाठी कॉयरला जाड आवाज हवा, म्हणून शेजारच्या मास्तरांनी मला ओढून नेलं, आणि मी पहिल्याच ओळीवर झडप घातली. वर नुसता गलबला!

छत दगडी, कमानदार. उंच किती? तिथे शिंकलेला माणूस घरी जाऊन जेवला, तरी त्याची शिंक खांबाखांबांतून फिरत असायची.

“युरोपातल्या मोठ्या देवळांत हेच,” मास्तर म्हणाले. “घाई केली की शब्दांचा चिखल. म्हणून सूर लांबवले. मग एकाचा विरायच्या आत दुसऱ्याचा त्यावर ठेवायला शिकले. हे गाणं दगडानं बसवलंय, बाबा.”

म्हणून गाणं संपलं तरी कोणी हलायचं नाही. मास्तरांचा हात वरच. बायका कुजबुजायच्या, त्यांची बायको इथेच वरच्या पट्टीत गायची. ती गेल्यापासून तो हात खाली यायला फार वेळ लागतो.

पण त्या घुमण्यात प्रवचन कळत नाही, अशी लोकांची तक्रार होती. नाताळनंतर पांढऱ्या तक्त्यांचं खोटं छत बसणार, असं ठरलं.

“मग तिचा आवाज कुठून येणार?” मास्तरांनी फादरना विचारलं.

नाताळच्या सकाळी त्या दगडाखाली शेवटचं गायलो. थांबलो. सूर वर गेले, फिरले, एकेक करून उतरले. आणि सगळ्यांच्या मागून एक बारीक, उंच आवाज उतरला. वरची पट्टी गाणाऱ्या बाईचा तर घसा बसला होता. ती पट्टी त्या दिवशी कोणी गायलीच नव्हती! मी थापाड्या, मान्य. पण माझ्या हातावरचे केस थापा मारत नाहीत. मास्तर डोळे मिटून हसत होते.

नवं छत बसलं. पहिल्याच रविवारी गायलो, ओठ मिटले आणि सूर तिथेच मेला. मास्तरांचा हात मात्र वरच. लोक खोकले, बाकं करकरली, फादर पुस्तक उघडून ताटकळले. हात वरच.

बाहेर आल्यावर मी हळूच विचारलं, “मास्तर, काही आलं का ऐकू?”

“प्रवचन,” ते म्हणाले. “शब्दन्‌शब्द.”