दादांचा माइक

"हात?" असं विचारून दादा थांबायचे.

कारखान्यात प्रेसवर ज्यांनी काम केलंय त्यांना याचा अर्थ सांगायला नको. इतरांसाठी सांगतो. पत्र्याची मोठी शीट चौघांनी चार कोपऱ्यांना धरून मशीनवर ठेवायची आणि पाचव्याने, म्हणजे दादांनी, पायाखालचं पेडल दाबायचं, की वरचा जड ठोकळा खाली पत्र्यावर यायचा. दाबण्याआधी दादा विचारायचे, "हात?" चौघांनी एकेक करून सांगायचं, "बाहेर." चारही उत्तरं आल्याशिवाय त्यांचा पाय हलायचा नाही. एकदा एका पोराने घाईघाईत शेजारच्याचंही "बाहेर" स्वतःच म्हणून टाकलं. शेजारचा तंबाखू मळत होता आणि त्याचे हात खरोखरच बाहेर होते. तरी दादांनी त्या पोराला दुसऱ्या गँगमध्ये पाठवलं. "त्याचे हात त्याने सांगायचे," एवढंच म्हणाले.

इंदूरजवळच्या देवासमधल्या त्या गँगमध्ये मी होतो आणि आणखी तिघे. दोन हजार सालाच्या आगेमागे प्रेसचं खातं बंद झालं आणि आम्ही पांगलो. मी धारला एका कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायला लागलो. एक जण सोनकच्छला वडिलांच्या बियाण्याच्या दुकानात बसला. दोघं देवासमध्येच दुसऱ्या कारखान्यांत लागले. दादा घरी बसले. त्यांना तसं बसता येत नसे. सकाळी उठून ते कॉलनीतल्या लोकांची फाटकं तपासायचे आणि कुरकुरणाऱ्या बिजागऱ्यांना तेल घालायचे. लोक आधी आभार मानत. नंतर सकाळी फाटक उघडंच ठेवू लागले.

घरोघरी इंटरनेट आलं तेव्हा आम्ही चौघं शनिवारी संध्याकाळी आपापल्या गावाहून एक खेळ खेळायचो. पाच जणांची तुकडी, समोर पाच शत्रू, मध्ये एक पडकी इमारत. पाचवा माणूस कुठला तरी अनोळखी यायचा आणि शिव्या द्यायचा. दादांच्या मुलाने नाशिकला जाताना आपला कॉम्प्युटर घरी ठेवला होता. दादांना घेऊ या, असं मीच सुचवलं.

दादा बंदूक वाईट चालवत नसत. अडचण अशी की दार उघडण्याआधी ते विचारत, "हात?"

"दादा, गोळ्या सुटतायत," सोनकच्छचा म्हणायचा.

"मग लवकर बोला."

आम्ही चौघं बोलायचो. तोवर दोघं मेलेले असायचे. मेलेल्यांनीही "बाहेर" म्हणावं असा दादांचा आग्रह असे.

खरी अडचण माइकची होती. प्रेसशेजारी आयुष्य गेल्यामुळे दादांना ऐकू कमी यायचं आणि बोलताना ते शेडच्या दुसऱ्या टोकाला बोलल्यासारखे बोलायचे. सुरुवातीला त्यांच्याकडे टेबलावर ठेवायचा, वाकड्या मानेचा माइक होता. त्यातून दादा यायचे, कूलर यायचा, कुकरच्या शिट्ट्या यायच्या आणि समोरच्या देवळातली आरती यायची.

"आवाज कसा येतोय?" दादा विचारायचे.

"कूलरचा मस्त येतोय, दादा."

मी धारहून बसने देवासला गेलो. कॉलरला चिमट्याने लावायचा माइक नेला होता. त्यातून दादांच्या बनियनची सळसळ ऐकू आली. पुढच्या खेपेला कानांवर बसवायचे हेडफोन नेले. त्यांना पुढे दांडी असते आणि दांडीच्या टोकाला माइक. दादांनी तो बरोबर तोंडासमोर धरला. प्रत्येक शब्दाबरोबर वादळ येऊ लागलं.

वहिनी पोहे देत म्हणाल्या, "अहो, हे बोलले की अख्ख्या गल्लीला कळतं. यांना माइक कशाला पायजे?"

मी दांडी खाली ओढून हनुवटीच्या कडेला आणली, म्हणजे श्वास बाजूने जातो. माइकवर चढवायला स्पंज नव्हता, तर वहिनींनी पावडरच्या डब्यातला पफ कापून दिला. मग कॉम्प्युटरमध्ये आवाज आपोआप वाढवणारी खूण काढून टाकली, आवाजाची पट्टी अर्ध्याच्या खाली आणली आणि ठरावीक उंचीच्या खालचं काही पलीकडे जाणारच नाही अशी सोय केली. कूलर गेला. आरती गेली. बोलणाऱ्याच्या नावासमोर पडद्यावर एक हिरवा ठिपका पेटायचा. तो आता दादा बोलले तरच पेटू लागला.

"आता फक्त मीच?" दादांनी विचारलं.

"फक्त तुम्हीच."

ते गप्प बसले. ठिपका विझलेला. "हात," ते म्हणाले. ठिपका पेटला. असं त्यांनी पाचसहा वेळा केलं. मग वहिनींना बोलावून त्यांच्यासमोर पुन्हा केलं.

मी अनेकांचे माइक लावून दिलेत. इतका नीट लागलेला दुसरा आठवत नाही.

आता जे सांगायचं ते मी आजवर टाळत आलोय. दादांचा आवाज इतका स्वच्छ येऊ लागला की ऐकवेना. आधी कूलरच्या घरघरीत जे बुडून जायचं ते आता कानाशी बसून बोलल्यासारखं यायचं. खेळता खेळता दादा बोलायचे. मुलाचा फोन आला नाही. वहिनींना जिना चढवत नाही. "घर दोघांना मोठं होतंय रे. डावीकडे बघ, डावीकडे." मग थोडं थांबून, "तुम्ही इकडे असता तर संध्याकाळी बसलो असतो." आमच्यातले दोघं त्यांच्या घरापासून सायकलच्या अंतरावर होते. कोणीच काही बोलायचं नाही. मी तर नाहीच.

त्या खेळात एक सोय होती. एखाद्याच्या नावावर टिचकी मारली की त्याचा आवाज आपल्यापुरता बंद व्हायचा. त्याला ते कळत नसे. एका शनिवारी मी दादांच्या नावावर टिचकी मारली. बाकीचे तिघे ऐकतायत, एकाने नाही ऐकलं तर काय बिघडतं, असं मनाशी म्हटलं. ठिपका दिसतच होता. डावाच्या सुरुवातीला तो पेटून विझला की मी म्हणायचो, "बाहेर." मागोमाग तिघांचंही "बाहेर" यायचं. डाव सुरू व्हायचा. आम्ही जिंकूही लागलो. थंडीचे दिवस त्यात गेले.

फेब्रुवारीतल्या एका शनिवारी ठिपका नेहमीपेक्षा जास्त वेळ पेटून राहिला. मी चहा घेत वाट पाहिली. विझल्यावर म्हटलं, "बाहेर." तिघांचंही आलं. तो डाव आम्ही जिंकलो.

पुढच्या शनिवारी दादा आले नाहीत. त्याच्या पुढच्याही नाही. मला वाटलं, माइक गेला असेल. मी नवा माइक पिशवीत घालून देवासला गेलो. दाराला कुलूप होतं. शेजारी पोस्टातून रिटायर झालेले एक गृहस्थ राहायचे. ते फाटकाशी उभे होते.

"भिया, ते तर नाशिकला गेले ना मुलाकडे. नेहमीसाठी गेले. तुम्हाला मालूम नाही?"

मी माइकची पिशवी दुसऱ्या हातात घेतली.

"आदल्या दिवशी मला म्हणाले, पोरांना माइकवर सांगितलंय, सकाळी बसस्टँडवर येतील, चौघांनीही आवाज दिला. मीच सोडायला गेलो होतो. त्यांनी बाकड्यावर चार जागा धरल्या होत्या, सामान ठेवून. कोणी बसायला आलं की म्हणायचे, माणसं यायचीयत. एक बाई लहान पोर घेऊन उभी होती, तिलासुद्धा बसू नाही दिलं. मला तर शरम आली." मग माझ्याकडे बघून म्हणाले, "तुम्ही त्याच चौघांतले का?"

मी हो म्हटलं. त्यांनी फाटक लावून घेतलं. ते फाटक अजिबात वाजलं नाही.

त्या संध्याकाळी मी तिघांना देवासमध्येच एका चहाच्या टपरीवर बोलावलं. त्या शनिवारी दादा काय बोलले, ते विचारलं. मग सोनकच्छचा म्हणाला, "यार, माझ्याकडे तर दिवाळीपासून बंद होता. मला वाटलं तू ऐकतोयस." तिसऱ्याने चौथ्याकडे बघितलं. चौथा बशीत बघत होता. आम्ही प्रत्येकाने गुपचूप टिचकी मारली होती आणि प्रत्येकाने दुसऱ्यावर सोडलं होतं. दादा इतके महिने कोणाशीच बोलत नव्हते आणि दर वेळी चार उत्तरं मिळवत होते.

तुम्हीही कोणाचं तरी बोलणं असं दुसऱ्यावर सोडलं असेल. माझा तेवढ्याने काही बचाव होत नाही. कारण पुढची गोष्ट माझ्या एकट्याची आहे.

नंबर मिळवून मी नाशिकला फोन केला. दादांनीच उचलला. आवाज तोच, शेडच्या टोकापर्यंत जाणारा. मी कोण ते ओळखलं, धारची हवा विचारली, क्लास कसा चाललाय विचारलं. मग म्हणाले, "एक विचारायचं होतं. त्या दिवशी माइक बिघडला होता काय रे?"

मला फक्त हो म्हणायचं होतं. ते माझ्याकडून तेवढंच मागत होते. माइक बिघडला असता तर आम्ही चौघं सुटलो असतो आणि तेही सुटले असते. पण इतकी वर्षं मी दुसऱ्यांची मशीनं लावून देत आलोय. आपण लावलेल्या वस्तूबद्दल कोणी विचारलं की तोंडातून आपोआप एकच उत्तर निघतं.

"नाही दादा," मी म्हटलं. "माइक एकदम चांगला होता."

"बरं," दादा म्हणाले. हे त्यांनी इतकं हळू म्हटलं की मला रिसीव्हर कानावर दाबावा लागला. "हिच्याकडे देतो."

वहिनी बराच वेळ बोलल्या. नाशिकचं पाणी मानवलंय, गुडघ्यांना तिथला वैद्य चांगला मिळालाय, नातवाला पोहे आवडतात. मागे कुठेतरी दादा खोकत होते. पुढे दोनतीनदा मी फोन केला, तेव्हाही वहिनीच बोलल्या. दादा बाहेर गेलेत म्हणायच्या. चौथ्या खेपेला मी केला तेव्हा त्यांच्या मुलाने उचलला. वडील जाऊन महिना झाला असं त्याने सांगितलं, आणि विचारलं, "आपण कोण?"

मी सांगितलं, देवासचा, त्यांच्या गँगमधला.

"अच्छा," तो म्हणाला. "बाबा तुम्हा लोकांबद्दल कधी काही बोलले नाहीत."