जेवलेल्या पक्ष्याचं माप

माझ्या सासूबाई शिवणकाम करतात, त्यामुळे माणसाच्या तोंडाकडे त्यांचं लक्ष सगळ्यात शेवटी जातं. आधी खांदा, मग कंबर, मग चाल. मी पहिल्यांदा या घरात आले तेव्हा मला न्याहाळून त्या एवढंच म्हणाल्या, "डावा खांदा जरा उतरता आहे." मी आठवडाभर धुमसत होते. पुढे कळलं की त्या घारीबद्दलही असंच बोलतात, आणि मग माझा राग गेला.

घराची पुढची खोली म्हणजे त्यांचं दुकान. कापायचं टेबल खिडकीला लागून आहे आणि खिडकीतून सगळी दरी दिसते. ऊन तापलं की शिकारी पक्षी दरीतून घिरट्या घेत वर येतात. सासूबाईंच्या हातातली कात्री थांबते, मान वर होते. गिऱ्हाईक अर्ध्या बाहीत उभं.

खिडकीच्या दांडीवर त्यांनी काळ्या अस्तराच्या उरलेल्या तुकड्यांचे पक्षी कापून टांगलेत, खालून दिसतात तसे. घारीच्या शेपटीला मधोमध खाच. ससाण्याचे पंख टोकाला निमुळते. शिक्र्याचे पंख आखूड, गोलसर, आणि शेपूट लांब. मधुबाजाची मान बारीक. कुणी रंग विचारला की त्या वैतागतात. "उन्हापुढे सगळे काळेच दिसतात. रंग सोडा, बेत बघा. कापड कसं बेतलंय ते कळलं की कोट कुणाचा ते कळतं." शाळा त्यांनी लवकर सोडली, पण या दरीवरचा एकेक पक्षी त्यांनी असा बघून बघून ओळखीचा केला. गल्लीत याबाबतीत त्यांचा शब्द म्हणजे काळ्या दगडावरची रेघ.

तीच रेघ एकदा अंगाशी आली.

खिडकीखालच्या गल्लीतले कबुतरवाले काका कोट घालून बघायला आले होते. एकटा माणूस, गच्चीवरची कबुतरं हाच त्यांचा संसार. त्या आठवड्यात त्यांची दोन कबुतरं नाहीशी झाली होती. तेवढ्यात खिडकीसमोरून एक मोठा पक्षी गेला आणि नाल्याकाठच्या निलगिरीवर उतरला. तिथे त्याचं घरटं होतं.

"ताई, हा कोण?" काकांनी विचारलं.

सासूबाईंच्या तोंडात टाचण्या होत्या. "मोरघार," त्या टाचण्यांआडून म्हणाल्या. "मान बघा केवढी जाड. कोंबडी म्हणू नका, कबुतर म्हणू नका, काही सोडत नाही."

काकांनी अंगातला कोट उतरवला. तो तिथेच ठेवून गेले आणि घरटं पाडायला दुसऱ्या दिवशी सकाळीच ये, असं फांद्या तोडणाऱ्याला सांगून आले. घरट्यात पिल्लू होतं, हे आम्हाला दोघींनाही माहीत होतं. मी म्हटलं, "आई, आता काय?" त्या म्हणाल्या, "त्यांची कबुतरं जातायत. मी कोणत्या तोंडाने अडवू?" पण त्या दिवशी शिलाईला त्यांचं मन लागलं नाही. एक बाही उलटी जोडली, आणि हे मी या घरात पहिल्यांदाच पाहिलं.

सकाळी तोच पक्षी पुन्हा खिडकीसमोर आला, आणि या वेळी त्याची मान सडपातळ होती. लांब, बारीक, पुढे कबुतरासारखं एवढंसं डोकं. सासूबाईंनी टेप गळ्यातून काढून टेबलावर ठेवली.

"अगं, हा मधुबाज आहे," त्या म्हणाल्या. "काल जेवून आला होता. गळ्याची पिशवी भरलेली होती, म्हणून मान जाड दिसली."

मला हसू आलं आणि लगेच आवरलं. कारण जेवून आलेल्या बाईचं माप घेऊ नये, हा त्यांचाच नियम. भरल्या पोटी आलेल्या गिऱ्हाइकाला त्या खुशाल परत पाठवतात.

"मी चुकीचं बेतलं," त्या चपला घालत म्हणाल्या, "आणि त्या पिल्लाच्या जिवावर बेतलं."

गुडघे दुखतात म्हणून त्या कोपऱ्यावरच्या दुकानातही मला पाठवतात. त्या दिवशी मला मागे टाकून नाल्यापर्यंत गेल्या. फांद्या तोडणारा झाडाला दोर बांधत होता, काका कमरेवर हात ठेवून उभे होते, आणि बघ्यांना काय, आमंत्रण लागत नाही. निम्मी गल्ली जमली होती. मला वाटलं, त्या काकांना बाजूला घेऊन हळूच सांगतील. निदान मी तरी तसंच केलं असतं.

"भाऊ, माझं माप चुकलं," त्या सगळ्यांदेखत म्हणाल्या. "हा मोरघार नाही, मधुबाज आहे. हा गांधीलमाश्यांची, मधमाश्यांची पोळी खातो. तुमची कबुतरं यानं नेली नाहीत."

"मग कुणी नेली?"

"ते मला माहीत नाही."

काकांचा चेहरा उतरला. "ताई, काल तुमचा एक शब्द, आज दुसरा. उद्या तिसरा असेल. मी कुठला धरू?"

"तिसरा असला तर तिसऱ्यांदाही येईन सांगायला," सासूबाई म्हणाल्या. मग वाकून झाडाखालच्या पाचोळ्यात हात घातला आणि पोळ्याचा एक तुकडा काढून काकांच्या तळहातावर ठेवला. आणखी दोन मी शोधले. पीस मात्र कबुतराचं एकही मिळालं नाही.

काका बराच वेळ तो तुकडा बोटाने चाचपत राहिले. मग दोर बांधणाऱ्याला म्हणाले, "सोड रे."

 मला सासूबाईंचा इतका अभिमान वाटला होता की परत येताना मी त्यांचा हात धरला. एरवी आमच्यात असलं काही चालत नाही. त्यांनी धरू दिला.

घरी आल्या आल्या त्यांनी अस्तराचा तुकडा घेतला आणि मधुबाज पुन्हा कापला, या वेळी गळ्याशी फुगवटा ठेवून. आता दांडीवर मधुबाज दोन आहेत. दुसरा कशाला, असं कुणीही विचारलं की त्या आपली फजिती पहिल्यापासून सांगतात, गिऱ्हाइकाला घाई असली तरी.

काकांच्या कबुतरांचा चोर अजून सापडलेला नाही. त्यांनी गच्चीवर जाळी लावली. पिल्लू उडायला लागलं तेव्हा पहिल्याच दिवशी ते धडपडत त्या जाळीवरच येऊन बसलं. आमच्या खिडकीतून आम्ही दोघी श्वास रोखून बघत होतो. काका हातात काठी घेऊन बाहेर आले. पिल्लाकडे बघितलं, मग आमच्या खिडकीकडे, आणि काठी भिंतीला टेकवून ठेवली.

"ताई," त्यांनी गच्चीवरून हाक मारली, "हा जेवलेला आहे की उपाशी?"