माझ्या आईचे ढग

माझी मैत्रीण थापाडी आहे हे मला शाळेपासून माहीत होतं. नंदनवन वस्तीत आमची घरं एकाच गल्लीत, शाळा एक आणि बाकही एकच. गृहपाठ न केल्याची कारणं ती स्वतःसाठी रचायची, शिवाय एखादं मलाही द्यायची. बाईंना तिच्या थापा पटायच्या आणि माझं खरं पटायचं नाही. त्यामुळे पन्नाशी उलटल्यावर तिनं बायकांच्या सहली काढायला सुरुवात केली तेव्हा मला जराही नवल वाटलं नाही. दहा-बारा बायका, एक टेम्पो ट्रॅव्हलर, पहाटे निघायचं, सातपुड्यात तामियापर्यंत चढायचं आणि त्याच दिवशी परत यायचं. कमरेला छोटा स्पीकर, गालाशी माईक. तिच्या गाडीत एकही वळण गोष्टीवाचून जात नाही, अशी तिची ख्याती झाली होती.

मला तिच्याबरोबर जायचं होतं, पण सहलीसाठी नाही. आईला दिलेला एक शब्द तिथं पुरा करायचा होता.

आईचा सगळा जन्म सपाटीवर गेला. रामटेकच्या गडाहून उंच ती कधी चढली नव्हती. शेजारणीचा मुलगा तामियाला नोकरीला होता. तिथं ढग पायाखाली असतात, असं त्या शेजारणीनं आईला सांगितलं. आईला ते काही पटलं नाही. "पायाखाली ढग? मंग पाणी खालून वर पडते का वं?" असं ती विचारायची आणि स्वतःच हसायची. पण तिच्या डोक्यातून ते गेलंही नाही. पुढे किडन्यांनी हात टेकले. धंतोलीतल्या एका दवाखान्यात तिला भरती केलं तेव्हा मी म्हणाले होते, सुट्टी झाली की तुला ढग दाखवायला नेते.

तिची खाट चौथ्या माळ्यावर, खिडकीशी होती. एका संध्याकाळी खालच्या रस्त्यावर डासांसाठी धूर सोडणारी गाडी आली. पांढरा धूर गल्लीत दाटला आणि हळूहळू वर चढू लागला. समोरच्या मेडिकलची पाटी दिसेनाशी झाली, ऑटो गेले, विजेच्या तारा गेल्या. आई बराच वेळ बघत होती. दोन दिवसांपासून तिला आपण कुठे आहोत याचं भान राहत नव्हतं. ती म्हणाली, "अवं, ढग खाली हायेत. पोहोचलो का आपण?"

मी म्हणाले, "हो आई, पोहोचलो."

"माह्या चपला वर ठेव मंग. भिजतीन."

मी खाटेखालच्या तिच्या चपला काढल्या आणि खुर्चीवर ठेवल्या. ते तिचं शेवटचं धड बोलणं. दुसऱ्या दिवशी ती गेली.

हे मी नवऱ्याला सांगितलं नाही आणि भावालाही नाही. भाऊ म्हणाला असता, भ्रम झाला होता तिला. डॉक्टरच्या भाषेत तो भ्रमच असेल, पण माझ्याजवळ आईचं तेवढंच उरलं होतं आणि ते मला कोणाच्या हातात द्यायचं नव्हतं. फक्त या मैत्रिणीला सांगितलं. तेरवी झाल्यावर हिच्या गच्चीवर, वाळत घातलेल्या पापडांची राखण करत आम्ही बसलो होतो, तेव्हा. ती माझ्याबरोबर रडली. ते रडणं खरं होतं, हे मी आजही कबूल करते.

मला एकदा तामियाला दरीच्या कठड्याशी उभं राहायचं होतं. ढग पायाखाली आले की मनातल्या मनात म्हणायचं होतं, आई, आता खरंच पोहोचलो. बस, एवढंच. पण मी सहलीचा विषय काढला की ही टाळायची. पावसाळ्यात म्हणे घाट खराब असते, हिवाळ्यात म्हणे आता ढग कुठचे. यंदा पाऊस ओसरता ओसरता एक बाई आयत्या वेळी गळाली हे मला कळलं आणि मी पिशवी घेऊन पहाटे थेट गाडीपाशीच जाऊन उभी राहिले. ती म्हणाली, "चाल मंग." त्या 'चाल'मध्ये काही जीव नव्हता. झोप झाली नसेल, असं मी समजले.

तिची आई फाटकाशी आली होती. ऐंशी पार केलेली, पण ठणठणीत. पहाटे उठून सगळ्या गाडीसाठी तिखटमिठाच्या पुऱ्या तळलेल्या, जवसाची चटणी कुटलेली. डबा माझ्या हातात देत म्हणाली, "सेटर घेतला का वं? तू तुह्या मायसारखी. थंडी वाजली तरी सांगत नाही." मी वाकून तिच्या पाया पडले.

रस्ता मात्र मजेत गेला, खोटं कशाला बोलू? सावनेरला तर्री-पोहे झाले. सौंसरच्या संत्र्यांच्या बागा मागे पडल्या आणि घाट लागला. सागाची झाडं फुलोऱ्यावर आली होती. वर पठारावर मक्याची शेतं, बांधावर भुट्टे भाजणाऱ्या बायका. माईकवर हिची भाषा बदलते. घरी 'मले-तुले' करणारी बाई गाडीत 'मैत्रिणींनो, उजवीकडे पाहा' म्हणते. एका वडाखाली तिनं गोंड राजाचा खजिना पुरला. तो राजा मागच्या दिवाळीत माझ्याच स्वयंपाकघरात चकल्या पाडताना जन्माला आला होता. आधी तो मराठा सरदार होता. इकडे गोंड राजा जास्त शोभेल, असं मीच सुचवलं होतं. बायका खिडकीतून वडाचे फोटो काढत होत्या आणि मी पदर तोंडाला लावून हसत होते. तिच्या थापांचं मला कौतुकच होतं. थापेनं राजाचं काय जातं!

माझ्या शेजारी काटोलकडच्या एका गावातली म्हातारी बसली होती. मुलानं हौसेनं पाठवलेली, सून पुढच्या सीटवर. म्हातारी प्रत्येक गोष्टीला "असं?" म्हणायची आणि राजासाठीही हळहळली.

तामियाला पोहोचलो तर सगळं पांढरं. कठड्याच्या पलीकडे दरी आहे की भिंत, कळायला मार्ग नव्हता. मी एका टोकाला जाऊन उभी राहिले. ढग हटेपर्यंत थांबायची माझी तयारी होती, पण बाकीच्यांची नव्हती. बायका कुरकुरायला लागल्या. तेवढ्यात एक गॉगलवाली बाई म्हणाली, "ताई, ती गोष्ट सांगा ना. तुमच्या आईची. माझी बहीण मागे आली होती तुमच्यासोबत, घरी येऊनसुद्धा रडत होती. म्हणे पॉइंटवरच ऐकायची असते."

हिच्या आईची गोष्ट? मला काही उमजेना. त्या माउलीनं कधी पुऱ्या बिघडवल्या नाहीत, तिची कसली रडायची गोष्ट?

"आज नको," ही म्हणाली. "आज वातावरण पाहा ना."

"सांगा हो, सांगा," बाकीच्यांनी धरलं.

तिनं माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं ती काही विचारते आहे. ती विचारत नव्हती, गप्प राहा म्हणत होती. मग माईक गालाशी नीट केला आणि सुरू झाली.

"माझी आई धंतोलीला ॲडमिट होती. चौथ्या मजल्यावर."

पहिल्या वाक्याला मला वाटलं, चुकून 'माझी' म्हणाली. दुसऱ्याला वाटलं, आता सुधारेल. मग खिडकी आली, धुराची गाडी आली, औषधाच्या दुकानाची पाटीसुद्धा आली. माझी आई तिच्या तोंडून पुस्तकी मराठी बोलायला लागली. "बाळा, ढग आपल्या खाली आले. आपण पोहोचलो ना गं?" माझ्या आईनं जन्मात मला बाळा म्हटलं नाही. "आणि मी म्हणाले, हो आई, पोहोचलो." इथं ती थांबली. कुठं थांबायचं हे तिला पाठ होतं. "मग आईनं माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाली, सुखी राहा पोरी. आणि डोळे मिटले."

चपला कुठेच नव्हत्या.

तळपायाची आग मस्तकात गेली. ओरडावं, तिच्या कमरेचा तो डबडा स्पीकर ओढून दरीत भिरकवावा, असं वाटलं. पण समोर गॉगल काढून डोळे पुसणारी बाई होती, काटोलची म्हातारी हिला छातीशी धरून थोपटत होती. मी काय बोलणार होते? ती माझी आई आहे, हिची घरी बसली आहे? कोणाला ते खरं वाटलं असतं?

आणि नेमका तेव्हाच वारा फिरला. धुकं फाटलं आणि खाली दरीभर ढग दिसले. वरून ऊन पडलेले, संथ, डोंगरांची नुसती डोकी बाहेर. आईनं मागितले होते अगदी तसे. बायकांनी हात जोडले. कोणी म्हणालं, "ताई, तुमच्या आईच दिसल्या बघा." मी कठड्याला धरून उभी होते. आई, पोहोचलो, एवढंच म्हणायचं होतं. ते शब्द आत्ताच स्पीकरमधून निघून गेले होते. मनातल्या मनातही मला ते उच्चारता येईनात. ढग हलत हलत पुढे गेले आणि बायका फोटोसाठी रांगेत उभ्या राहिल्या.

जेवायला झाडाखाली सतरंज्या टाकल्या. म्हातारीनं पुरी तोडून चटणीला लावली आणि विचारलं, "चटणी मस्त हाये वं. कोनं केली?"

"घरी एक मावशी आहेत," माझी मैत्रीण म्हणाली. माझ्याकडे न पाहता.

हात धुवायला ती नळाशी गेली तेव्हा मी तिला गाठलं. "तुही माय घरी पुऱ्या तळून राहिली अन् तू तिले इथं मारून टाकलं?"

"हळू बोल वं. तुह्या मायचं नाव घेतलं का मी?"

"घेतलं असतं तर बरं झालं असतं."

"अवं, पहिल्याच ट्रिपले इथं काही दिसलं नव्हतं. लोक चिडले. तोंडात आलं ते बोलली. मैत्रिणीच्या मायची गोष्ट म्हटली तर कोणी ऐकत नाही, आपल्या मायची म्हणा लागते. मंग सारे तेच मागाले लागले. मी काय करू?"

"म्हणजे प्रत्येक ट्रिपले?"

ती ओले हात झटकत राहिली. मग जरा चिडूनच म्हणाली, "तू कोणाले सांगितली असती का कधी? इथं लोक रडतात तिच्यासाठी. त्यात वाईट काय हाये, सांग न."

"अन् गोष्टीतून चपला काहून काढल्या?"

"कोणत्या चपला?"

मी तिच्या चेहऱ्याकडे बघत राहिले. ती थाप मारत नव्हती. तिला खरंच आठवत नव्हतं. तिनं इतक्या वेळा आपली गोष्ट सांगितली होती की माझी तिच्या ध्यानातच उरली नव्हती. मान विश्वासानं दिली की केसानंही गळा कापता येतो, असं म्हणतात. पण ज्यानं कापला त्याला ते लक्षातही नसावं, हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

परतीला मी खिडकीशी डोकं टेकवून बसले. घाट उतरेपर्यंत पुढे भेंड्या रंगल्या होत्या आणि माईक हातोहात फिरत होता. काटोलच्या म्हातारीला गाण्यांत रस नव्हता. ती माझ्याकडे वळली.

"त्या बाईची माय मनातून जाऊन नाही राहिली," ती म्हणाली. "तुमची हाये का वं, माय?"

"नाही."

"काय झालतं?"

मी तोंड उघडलं. धंतोली. चौथा माळा. खिडकी. धूर. जे जे म्हणून सांगणार होते ते सगळं म्हातारीनं आज ऐकलेलं होतं, तिच्यासाठी रडूनही झालं होतं. आता मी सांगितलं असतं तर चोर मी ठरले असते.

"म्हातारी झाली होती," मी म्हणाले.

"बरं झालं. सुखानं गेली मंग." तिनं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "तिच्यासारखा घोर तरी नाही लागला तुमच्या जिवाले. तुम्ही तिच्या लहानपणच्या न? सांभाळा बापा तिले. लय सोसलं तिनं."

मी हो म्हणाले.