पासपोर्ट बसऱ्यात, भाऊ खोर्रमशहरात

माझ्या धाकट्या भावाला, दत्ताला, एका इंग्रज ठेकेदाराने फसवलं. लाँच दुरुस्तीच्या त्याच्या वर्कशॉपमध्ये दत्ता तीन वर्षं फिटर होता. साहेबाने सगळ्या हिंदी कामगारांचे पासपोर्ट 'सांभाळतो' म्हणून तिजोरीत ठेवले, आणि इराणातून इंग्रजांना निघावं लागलं तेव्हा ते ट्रंकेत भरून नदीपलीकडे बसऱ्याला निघून गेला. बसरा इराकात. दत्ता अलीकडे, इराणच्या खोर्रमशहर बंदरात, अडकला.

१९५१ सालची गोष्ट. इराणने तेल ताब्यात घेतलं, इंग्रज चिडला, अमेरिका मध्ये पडली, रशिया उत्तरेला टपून बसला, हे सगळं मी घाटकोपरच्या सलूनमध्ये रोज ऐकत होतो. सलूनमधल्या वर्तमानपत्रात दत्ताचं नाव मात्र कधी आलं नाही. दसरा झाल्यावर त्याचं पत्र आलं, तेव्हा मी लाकडाच्या वखारीला कुलूप लावलं. दत्ताची बायको सुमती मेतकुटाचा डबा घेऊन आली. "भावोजी, त्यांना घेऊनच या," एवढंच म्हणाली. मी म्हटलं, "आणतो. अगं, मी सागवानवाल्यांकडून भाव पाडून घेतो, हा साहेब कोण लागून गेला?"

बोटीवर डेकचं तिकीट. डेकवर आपली सतरंजी, आपला स्टोव्ह, आपलंच रांधणं. दुसऱ्याच दिवशी बोट कलली आणि माझा स्टोव्ह शेजारच्या पठाणाच्या अंथरुणावर कलंडला. त्याने मला शिव्या घातल्या, मीही घातल्या, आणि मग आम्ही दोघांनी त्याची घोंगडी धुऊन कठड्यावर वाळत टाकली. कराचीला कोणाला उतरू दिलं नाही. चार वर्षांपूर्वीपर्यंत तिथे माझी लाकडं जात होती. मस्कत लांबून पाहिलं: नुसते उघडे डोंगर, झाड औषधालाही नाही. पुढे उकाडा, माशा आणि खारट पाण्याचा चहा.

दहाव्या दिवशी बोट शत्त-अल-अरब नदीत शिरली. दोन्ही काठांना खजुराची दाट बनं आणि त्यांच्या पायाशी गुडघाभर चिखल. आपल्या मानखुर्दच्या खाडीसारखाच, वासही तोच. मग अबादानचा तेलाचा कारखाना आला. मैलभर धुराडी, आणि एकातूनही धूर नाही. एवढी मोठी गोष्ट बंद पडलेली मी आयुष्यात पाहिली नव्हती.

खोर्रमशहरच्या धक्क्यावर दत्ता उभा होता. वाळला होता.

"दादा, तू कित्याक इलंस?" म्हणाला. (कशाला आलास?)

"तुला न्यायला. पोटाला काय मिळतं?"

"नान आणि खजूर. खजूर आता डोळ्यासमोर नको."

कहवेखान्यात (चहाच्या दुकानात) बसलो. इथे साखरेचा खडा दातात धरून कोरा चहा पितात. माझा खडा पहिल्याच घोटात घशात गेला आणि मी खोकत सुटलो. दत्ता किती दिवसांनी हसला कोण जाणे. मग त्याने सगळं सांगितलं. पासपोर्टाशिवाय इराण बाहेर सोडत नाही. इराणी अधिकारी म्हणतो, 'साहेब आमचे कागद चोरून पळाला' असं लिहून सही कर, मग बघू. पण तशी सही केली की आखातातलं कुठलंही इंग्रजी वर्कशॉप पुन्हा त्याला दारात उभं करणार नाही.

आम्ही आपल्या सरकारच्या कचेरीत गेलो. तिथे एक पुण्याचे कारकून होते. मराठी ऐकून मला बरं वाटलं. फार वेळ नाही.

"अहो, पासपोर्ट हरवलेला नाही. तो कुठे आहे हे तुम्हाला ठाऊक आहे. मग नवा कसा देता येईल?"

"मग जुना मागवा."

"तसं लेखी मागितलं तर आपण एका बाजूला झुकलो असा अर्थ निघतो. भारत दोघांचाही मित्र आहे. आपलं धोरण—"

"माझ्या भावाने धोरण खायचं का?"

"आवाज चढवू नका. हे घाटकोपर नव्हे."

दुसऱ्या दिवशी मी एकटाच बलममधून (लांबट होडीतून) नदी उतरून बसऱ्याला गेलो. व्हिसा दोन्हीकडचा होता. कस्टमवाल्याने माझ्या पिशवीतच राहिलेल्या मेतकुटात बोट घालून हुंगलं, चाटलं आणि डबा ठेवून घेतला. दत्ताने सांगितलेल्या हॉटेलच्या व्हरांड्यात साहेब बसला होता. मऊ आवाजाचा, उन्हाने लाल झालेला. हिंदुस्तानी चांगली बोलत होता.

"दत्ता अच्छा आदमी. पासपोर्ट ऊपर ट्रंक में है," म्हणाला आणि एक टाइप केलेला कागद पुढे केला. 'इराण्यांनी आम्हा कामगारांना मारलं, हाकललं' असं त्यात होतं. दत्ताची सही आणून द्यायची. तो कागद विलायतेला जाणार होता.

"किसीने मारा नहीं, साहेब."

"मारते तो?"

दत्ता अजून इराणात होता. असला कागद तिथे छापून आला असता तर त्याची रवानगी तुरुंगातच. मी म्हटलं, पासपोर्ट आधी, भाऊ बोटीवर चढला की सही. साहेब म्हणाला, सही आधी. तासभर चाललं. त्याच्या आवाजातली घाई मला कळत होती, तो नमणार अशी माझी खात्री झाली.

मग मी तेच केलं जे तीस वर्षं करत आलो. टोपी घातली, "नहीं जमेगा" म्हटलं आणि उठलो. आमच्या धंद्यात गिऱ्हाईक उठलं की तीन पावलांत हाक येते. सगळे तसंच करतात, देणाराही ते जाणून असतो. मी पायरीवर रेंगाळलो. चप्पल घातली, खडा टोचतो म्हणून काढली, झटकली, पुन्हा घातली. हाक आली नाही. वळून पाहिलं तर साहेब वर्तमानपत्र वाचत होता. परत फिरायला माझी मान वळेना. म्हटलं, रात्रभर शिजू दे याला.

सकाळी गेलो तर खोली रिकामी. नोकर झाडत होता. "साहेब हवाई जहाज से गया. ट्रंक भी गया." कुठे? त्याने आभाळाकडे हात केला.

मी नदी परत उतरलो. दत्ता धक्क्यावरच होता. मी रिकाम्या हातांनी आलो हे त्याला होडीतूनच दिसलं असणार, कारण त्याने काही विचारलं नाही. दुपारी त्याने इराण्यांच्या कागदावर सही केली. त्यांनी त्याचा फोटो काढला, हार घातला, पाठ थोपटली. अधिकारी म्हणाला, कागद तेहरानला जाईल, उत्तर येईल. माझ्या व्हिसाची मुदत संपेपर्यंत उत्तर आलं नाही. बोट सुटताना दत्ताने हात हलवला नाही. मीही नाही.

घाटकोपरला उतरलो तेव्हा सुमती स्टेशनबाहेर उभी होती. तिला सगळं सांगितलं, पायरीसकट.

"तुम्ही लगेच मागे का नाही वळलात, भावोजी?"

रागाने बोलायची माझी सवय, पण त्या दिवशी रागही दमला होता. दोन मोठी राज्यं भांडतात तेव्हा एकाला एक कागद हवा असतो, दुसऱ्याला दुसरा. दोन्हींवर सही दत्ताचीच हवी. तिसरा आपला, तो मित्र म्हणून नुसता बघतो. आणि चौथा मी, पायरीवर चप्पल झटकत राहिलेला.

सुमतीला मी उत्तर देणं लागतो. ते मी देईन, रोज तिच्यासमोर उभं राहून देईन. पण फक्त मीच का? त्या साहेबाने सांगावं, दुसऱ्या माणसाचा पासपोर्ट त्याने कोणत्या हक्काने विमानात नेला. तेहरानने सांगावं, हार घातलेला माणूस अजून का सोडला नाही. आणि दिल्लीत बसलेल्यांनी सांगावं, घाटकोपरचा एक फिटर घरी आणला असता तर त्यांची मैत्री नेमकी कोणाशी तुटली असती. मला लेखी उत्तर पाहिजे, आणि ते सुमतीच्या नावावर पाहिजे.